खेळयंत्र उघडू द्या, पण चोरीचा खेळ नको



गेल्या सत्रात शाळेच्या संगणक मंडळाला एका माजी विद्यार्थ्याने आपल्या घरातले जुने प्लेस्टेशन २ भेट दिले. सोबत दोन कंट्रोलर, एक मेमरी कार्ड आणि पाच मूळ डिस्क. भेट लहान, पण तिच्यावरून जेवढी चर्चा झाली तेवढी नव्या बाकांवरूनही झाली नव्हती. पालक सभेत एका पालकांनी विचारले, "सर, शाळेत आता व्हिडिओ गेम शिकवणार का?" विश्वस्तांच्या बैठकीत एका ज्येष्ठ सदस्यांनी विचारले की नववीची मुले त्या यंत्रावर बाहेरचे सॉफ्टवेअर चढवत आहेत, ते कायद्यात बसते का? दोन्ही प्रश्न रास्त आहेत. पुढील बैठकीत या उपक्रमाबाबत निर्णय व्हायचा आहे. त्याआधी आमचे म्हणणे सर्वांसमोर लेखी असावे, म्हणून या अंकातील जागा त्यासाठी वापरत आहोत.

आमचे मत आधीच सांगून टाकतो. हे काम संगणक मंडळात चालू राहावे, कारण ते शिक्षणच आहे. त्याचबरोबर त्यावर एक अट असावी आणि ती कडक असावी: ज्या खेळाची मूळ डिस्क आपल्याजवळ नाही, तो खेळ शाळेच्या यंत्रात येणार नाही.

यंत्र कोणते आणि अडचण काय

प्लेस्टेशन २ सोनी कंपनीने ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये विक्रीस आणले. पुढे जगभर त्याचे साडेपंधरा कोटींहून अधिक संच विकले गेले. २०१३ च्या आरंभी त्याचे उत्पादन थांबले. आजच्या मुलांना त्याची शक्ती ऐकून हसू येते. त्याचा मुख्य प्रोसेसर सुमारे ३०० मेगाहर्ट्झचा, कामाची स्मृती ३२ मेगाबाइट आणि मेमरी कार्ड ८ मेगाबाइटचे. ज्या मोबाइलची स्मृती ४ गिगाबाइट आहे, त्याच्या ती १२८ पट झाली. पण एवढ्याशा साधनात त्या काळच्या अभियंत्यांनी काय काय बसवले, हे पाहिले की हसू थांबते आणि कुतूहल सुरू होते.

या यंत्राचे दुखणे म्हणजे त्याची डिस्क वाचणारी लेन्स. वीस वर्षांत ती थकते. यंत्राचे बाकी सर्व अंग धडधाकट असते, पण डिस्क घातली की ते घरघर करीत राहते आणि शेवटी पडद्यावर डिस्क वाचता येत नसल्याची सूचना येते. डिस्कनाही ओरखडे पडतात. नव्या डिस्क कारखान्यातून येणे केव्हाच बंद झाले. आमच्या पाच डिस्कपैकी एक 'देसी अड्डा' या खेळाची आहे. हैदराबादच्या गेमशास्त्र कंपनीने तयार केलेला हा खेळ २००९ साली आला. त्यात कबड्डी आहे, गिल्ली-दांडा आहे, पतंगबाजी आहे. त्याच वर्षी हैदराबादच्याच ऑरोना टेक्नॉलॉजीजचा 'हनुमान : बॉय वॉरियर' हा खेळही याच यंत्रासाठी निघाला. भारतीय मुलांसाठी भारतीय हातांनी केलेले हे आरंभीचे प्रयत्न. आमच्या डिस्कवर ओरखडा आहे आणि ती दर तिसऱ्या वेळी अडते. मंडळातील एका विद्यार्थ्याने विचारले, "सर, ही डिस्क गेली म्हणजे आपल्यासाठी हा खेळच गेला ना?"

प्रश्न बरोबर आहे, आणि तो केवळ आपल्या शाळेचा नाही. २०२३ साली अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने एक अभ्यास प्रसिद्ध केला. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज तेथील बाजारात विकत मिळत नाहीत, असे त्यात आढळले. पुस्तकांबाबत आपण सावध असतो. शाळेच्या ग्रंथालयातील जुनी मासिके आपण बांधून ठेवली, ज्यांची पाने तुटू लागली ती वेगळ्या कपाटात हलवली. खेळ हीसुद्धा कोणीतरी विचार करून लिहिलेली, काढलेली, स्वरबद्ध केलेली कृती असते. ती जपावी असे मुलांना वाटले, याचा आम्हाला आनंद झाला.

कुलूप आणि किल्ली

आता मुलांनी प्रत्यक्षात काय केले ते सांगतो. ज्यांना यंत्रात रस नाही अशा पालकांनीही हा भाग कृपया वाचावा, कारण आमचा सर्व युक्तिवाद यावर उभा आहे.

हे यंत्र कोणताही प्रोग्राम चालवीत नाही. मूळ डिस्कवर कारखान्यातच उमटवलेली एक खूण असते. घरच्या डीव्हीडी रायटरने ती उमटत नाही. खूण दिसली नाही तर खेळ सुरू होत नाही. हे पहिले कुलूप. पण उत्पादकाने एक सोय ठेवली होती. यंत्राच्या आतल्या आज्ञावलीत पुढे सुधारणा करायची झाल्यास ती मेमरी कार्डावरून घेता यावी, म्हणून यंत्र सुरू होताना कार्डावर ठरावीक नावाची फाइल आहे का ते पाहते. २००८ साली हौशी प्रोग्रामरांनी याच दाराचा उपयोग करून 'फ्री एमसीबूट' नावाचा प्रोग्राम तयार केला आणि तो विनामूल्य दिला. तो कार्डावर असला की यंत्र सुरू होताच आपण निवडलेला प्रोग्राम चालवता येतो. यंत्र उघडावे लागत नाही, तार जोडावी लागत नाही. कार्ड काढले की यंत्र पुन्हा पहिल्यासारखे.

येथे दोन गमती आहेत. पहिली अशी की ही फाइल एका कार्डावरून दुसऱ्यावर नुसती उतरवून चालत नाही. ती सांकेतिक रूपात त्या त्या कार्डाशी बांधलेली असते, म्हणून प्रत्येक कार्डावर ती नव्याने बसवावी लागते. दुसरी अशी की शेवटच्या ९०००० मालिकेतील उशिरा निघालेल्या संचांत उत्पादकाने हे दार बंद केले. म्हणून काम सुरू करण्यापूर्वी संच उलटा करून खालच्या चिठ्ठीवरचा मॉडेल क्रमांक वाचावा लागतो. आमचा संच ७७००० मालिकेतील निघाला, म्हणजे दार उघडे असलेला.

पण कार्डावर प्रोग्राम बसवायचा तर तो बसवणारा प्रोग्राम यंत्रावर चालला पाहिजे, आणि यंत्र तर परका प्रोग्राम चालवीत नाही! आधी कोंबडी की आधी अंडे, असा हा पेच. पूर्वी लोक मित्राचे तयार कार्ड आणत किंवा यंत्रात चिप बसवून घेत. २०२० साली एक नवा मार्ग प्रसिद्ध झाला. त्याचे नाव 'फ्री डीव्हीडी बूट'. साध्या कोऱ्या डीव्हीडीवर एक विशिष्ट रचना उतरवायची आणि ती यंत्रात चित्रपटाच्या डीव्हीडीप्रमाणे लावायची. चित्रपट दाखवणाऱ्या आज्ञावलीत एक चूक राहून गेली होती, तिचा हा उपयोग.

ही चूक मुलांना समजावताना आमच्या संगणक शिक्षकांनी फळ्यावर प्रवेश अर्ज काढला. अर्जात आडनावासाठी वीस चौकटी आहेत. कोणी पंचवीस अक्षरे लिहिली आणि कारकुनाने चौकटी मोजल्याच नाहीत, तर उरलेली पाच अक्षरे शेजारच्या रकान्यात जातील. शेजारचा रकाना "पुढे काय करावे" असा असेल, तर कारकून तेथे जे लिहिलेले दिसेल तेच करील. डीव्हीडीवरच्या माहितीची लांबी यंत्राने न मोजता खरी मानली, आणि जादा मजकूर स्मृतीतल्या अशा जागी सांडला जिथून यंत्र पुढची आज्ञा घेते. जगातील असंख्य संगणक याच जातीच्या चुकीमुळे आजवर फोडले गेले आहेत. दहावीच्या आतल्या मुलांना ती चूक समजली, आणि "आलेली माहिती आधी मोजून घ्या" हा प्रोग्रामरांचा पहिला धडा त्यांना पाठ न करता कळला.

या मालिकेतील संचावर ही युक्ती यंत्राची भाषा इंग्रजी ठेवली तरच चालते. पहिल्या दिवशी काहीच घडेना, कारण संचाची भाषा भेट देणाऱ्याच्या घरी कोणीतरी फ्रेंच करून ठेवली होती. ती बदलली आणि पडद्यावर फाइलींची यादी उमटली. त्यानंतर पेन ड्राइव्हवरून बसवणारा प्रोग्राम चालवून मेमरी कार्ड तयार केले. ते काम चालू असताना कार्ड काढायचे नाही आणि वीज जाऊ द्यायची नाही, म्हणून संच त्या दिवशी कार्यालयाच्या इन्व्हर्टरवर लावला होता.

खेळ चालवणारा प्रोग्राम

कार्ड तयार झाल्यावर मुलांनी 'ओपन पीएस२ लोडर' हा मुक्त प्रोग्राम घेतला. त्याचे काम एवढेच की डिस्कऐवजी दुसरीकडे ठेवलेल्या प्रतीवरून खेळ चालवायचा. ही प्रत पेन ड्राइव्हवर असू शकते, जाळ्यातील दुसऱ्या संगणकावर असू शकते, किंवा जुन्या जाड संचांत आत बसवलेल्या हार्ड डिस्कवर असू शकते. प्रत करण्यासाठी आपल्या मूळ डिस्क संगणकाच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये घालून तिची जशीच्या तशी फाइल करायची.

पेन ड्राइव्हने मुलांना गणित शिकवले. या यंत्राची यूएसबी पहिल्या पिढीची, म्हणजे सेकंदाला जास्तीत जास्त १२ मेगाबिट. एका बाइटमध्ये आठ बिट, म्हणून दीड मेगाबाइट, आणि व्यवहारात साधारण एक मेगाबाइट. यंत्राचा स्वतःचा डिस्क वाचक सेकंदाला सुमारे पाच मेगाबाइट वाचतो. म्हणून पेन ड्राइव्हवरून खेळ चालतो, पण मधली चित्रफीत अडखळते. ४ गिगाबाइटची फाइल एवढ्या वेगाने पूर्ण वाचायला किती वेळ लागेल? एका विद्यार्थिनीने मनातच हिशेब केला: एक तासाहून जास्त. शिवाय फॅट ३२ पद्धतीच्या पेन ड्राइव्हवर ४ गिगाबाइटची फाइल मावतच नाही, तिचे तुकडे करावे लागतात. का मावत नाही? कारण फाइलची लांबी लिहायला तेथे ३२ बिटांचीच जागा आहे. दोनाचा बत्तिसावा घात किती, हे त्या दिवशी मुलांनी स्वतः गुणून काढले. पाठ्यपुस्तकातील घातांकाला असा उपयोग त्यांनी पहिल्यांदा पाहिला.

मग त्यांनी केबलचा मार्ग घेतला. या संचाला इथरनेटचे भोक आहे. जेल रोडवरून केबल आणि एक छोटा स्विच आणला. शाळेतील बाद ठरवलेल्या संगणकावर लिनक्स घातले आणि त्यावर खेळाची प्रत ठेवली. दोन यंत्रांना पत्ते द्यायचे होते. मुलांनी दोघांना एकच पत्ता दिला आणि पाऊण तास कोणालाच काही सापडेना. गल्लीतल्या दोन घरांना एकच क्रमांक दिला तर पोस्टमनने काय करावे? ही चूक त्यांची त्यांनीच शोधली. आम्ही बाजूला उभे होतो, मुद्दाम बोललो नाही.

येथे सुरक्षेचाही एक धडा मिळाला. या जुन्या यंत्राला फाइली वाटण्याची जी जुनी पद्धत लागते, ती विंडोजच्या हल्लीच्या आवृत्त्यांत मुळात बंद असते. मे २०१७ मध्ये 'वॉनाक्राय' नावाचा खंडणीखोर विषाणू जगभरातील संगणकांत पसरला, तो याच जुन्या पद्धतीतील फटीतून. म्हणून मुलांना सांगितले की ही पद्धत शाळेच्या कार्यालयीन संगणकावर कधीही चालू करायची नाही. ते जुने लिनक्स यंत्र आणि प्लेस्टेशन दोन्ही एकमेकांशी जोडलेले, पण इंटरनेटपासून पूर्ण तोडलेले आहेत.

'देसी अड्डा' आता केबलवरून चालतो. मूळ डिस्क कापडात गुंडाळून कपाटात ठेवली आहे.

पाढ्यांचा प्रोग्राम

खेळ चालला, तेथे बहुतेक लोक थांबतात. आमच्या मुलांनी पुढचे पाऊल टाकले, आणि या उपक्रमाची बाजू घ्यायला आम्हाला खरे कारण तेथे मिळाले. या यंत्रासाठी सी भाषेत स्वतःचे प्रोग्राम लिहिता येतात. त्याची साधने जगभरच्या हौशी लोकांनी उघड आणि विनामूल्य ठेवली आहेत. मुलांनी ठरवले की प्राथमिकच्या लहान मुलांसाठी पाढ्यांचा प्रोग्राम करायचा, आणि पाढे मराठीत दाखवायचे.

अडचण अशी की या यंत्राला देवनागरी अंक ठाऊकच नाहीत. मग मुलांनी चौकटीची वही घेतली. आठ बाय आठ घरांत अंक रंगवून पाहिले. भरलेले घर म्हणजे १, रिकामे म्हणजे ०. एक ओळ म्हणजे आठ बिट, एक बाइट. आठ ओळींचा एक अंक. पण एवढ्या लहान जागेत ५, ६ आणि ९ ओळखू येईनात. म्हणून सोळा बाय सोळा घरे घेतली. एका अंकाला ३२ बाइट, दहा अंकांना ३२० बाइट. दुसरीच्या मुलांनी पडद्यावर आपल्या पाटीवरचे अंक पाहिले आणि टाळ्या वाजवल्या. आता घरच्या आजी-आजोबांना विचारून पावकी, निमकी, दिडकी आणि अडीचकी त्यात घालण्याचे काम चालू आहे. इंदुरात तीन-चार पिढ्यांपासून राहिलेल्या आपल्या घरांत हे पाढे अजून कोणाच्या तरी तोंडी आहेत. ते एका जपानी यंत्रावर उतरत आहेत.

हिंदीत अशा कामाला सहज 'जुगाड' म्हणून टाकतात. आमचे बी.एस्सी. हिंदी माध्यमातून झाले, आयुष्य याच शहरात गेले, त्यामुळे तो शब्द आम्हाला परका नाही. पण येथे तो पटत नाही. जुगाडात काम भागते, कारण कळायची गरज नसते. या कामात कारण कळल्याशिवाय एक पाऊलही पुढे पडत नाही.

हेही लक्षात असू द्यावे की अशा यंत्रांवर स्वतःचे काम करणे ही काही चोरट्यांची परंपरा नाही. २००२ साली सोनीने स्वतःच या यंत्रासाठी लिनक्सचा संच विकला होता. त्यात कीबोर्ड, माउस, नेटवर्क अडॅप्टर आणि ४० गिगाबाइटची हार्ड डिस्क येत असे. २००३ साली अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठाच्या महासंगणन केंद्रात सुमारे ७० प्लेस्टेशन २ एकत्र जोडून वैज्ञानिक गणितासाठी वापरून पाहिले गेले.

कायदा काय म्हणतो

आता विश्वस्तांच्या प्रश्नाकडे येतो. भारताच्या प्रताधिकार अधिनियम, १९५७ मध्ये कलम ५२ आहे. कशाने प्रताधिकाराचा भंग होत नाही, त्याची यादी त्यात आहे. त्यातील (१)(एए) या उपखंडाचा सार असा की संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याजवळ कायदेशीरपणे आहे, त्याने त्याच प्रतीवरून, ती हरवणे, नष्ट होणे किंवा बिघडणे यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत केली तर तो भंग नाही. मात्र उपयोग ज्या कामासाठी तो प्रोग्राम दिला होता त्याच कामासाठी असावा. प्रोग्राम कसा चालतो ते पाहणे, अभ्यासणे, तपासणे याचीही तरतूद त्याच कलमात आहे. २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५ए आले. प्रताधिकाराचा भंग करण्याच्या हेतूने तांत्रिक कुलूप तोडणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कारावास आणि दंड होऊ शकतो. आणि कलम ६३बी प्रमाणे, भंग करून केलेली प्रोग्रामची प्रत माहीत असून संगणकावर वापरणे हा गुन्हा आहे. त्याला किमान सात दिवसांची, जास्तीत जास्त तीन वर्षांची कैद आहे, शिवाय दंड.

म्हणजे सर्व भार 'त्याच प्रतीवरून' आणि 'हेतू' या दोन शब्दांवर आहे. आपली डिस्क, आपण केलेली प्रत, आपल्याच यंत्रात, डिस्क वाचवण्यासाठी: ही एक गोष्ट. इंटरनेटवरून उतरवलेला खेळ ही दुसरी गोष्ट, मग तो विनामूल्य मिळो, की जुना म्हणून कोणी हरकत न घेवो. जुने झाले म्हणून दुसऱ्याचे आपले होत नाही.

ही परीक्षा आमच्यावर लगेच आली. एका पालकांनी अत्यंत चांगल्या मनाने एक हार्ड डिस्क आणून दिली. तिच्यात शेकडो खेळ भरलेले होते. "सर, मुलांना मजा येईल, कशाला पाच डिस्कवर भागवता?" आम्ही आभार मानले आणि ती परत केली. मुले हिरमुसली. दोन दिवस मंडळात कोणी नीट बोलले नाही. एकाने सरळ विचारले की बाजारात सगळेच असे करतात, मग आपणच का नाही? आम्ही त्यांना विचारले: तुमचा पाढ्यांचा प्रोग्राम उद्या दुसऱ्या शाळेने उचलला, तुमची नावे पुसली आणि तो विकला, तर? उत्तर आले नाही, पण प्रश्न पोचला. आयत्या बिळावर नागोबा होणे सोपे असते. त्या हार्ड डिस्कने मुलांना शेकडो खेळ दिले असते, पण त्यांना एकही अंक काढावा लागला नसता.

आक्षेपांना उत्तर

"शाळेत खेळ कशाला?" असे विचारणाऱ्या पालकांना आमची विनंती आहे की शनिवारी दुपारी येऊन पाहावे. दोन तासांत खेळण्याला वीस मिनिटे जातात, बाकी वेळ वाचणे, मोजणे, वाद आणि चूक शोधणे यात जातो. खेळण्याच्या वेळेला मर्यादा असावीच, आणि बोर्डाच्या परीक्षेच्या वर्षातील मुलांना मंडळातून सुटी राहील.

"नवे संगणक असताना हे भंगार का?" हाही प्रश्न आला. नव्या मोबाइलमध्ये मुलांना फक्त बोट फिरवता येते. आत काय आहे ते दिसत नाही, दिसू दिले जात नाही. जुन्या यंत्राची स्मृती एवढी कमी आहे की प्रत्येक बाइटचा हिशेब द्यावा लागतो. सायकल दुरुस्त करणाऱ्या मुलाला पुढे मोटार समजायला सोपी जाते, तसे हे आहे. शिवाय ते बिघडले तर कोणाचे नुकसान नाही, म्हणून मुले भीत नाहीत.

"ही मुले पुढे दुसऱ्यांची कुलुपे तोडू लागली तर?" हा आक्षेप आम्ही सर्वात गंभीर मानतो. ज्ञान दोन्हीकडे जाते हे खरे. पण कुलूप कसे उघडते ते मुले आज ना उद्या शिकणारच. मोठ्यांच्या समोर, नियमाच्या चौकटीत, प्रश्न विचारत शिकतील, की एकटी, दार लावून, कोणाच्या तरी सांगण्यावरून शिकतील, एवढीच निवड आपल्या हातात आहे. आम्ही पहिला मार्ग निवडतो.

मंडळाचे नियम

बैठकीपुढे आम्ही पुढील नियम मांडत आहोत.

१. शाळेच्या यंत्रावर फक्त त्याच खेळांच्या प्रती असतील, ज्यांची मूळ डिस्क शाळेच्या कपाटात आहे. डिस्क परत गेली की प्रतही पुसली जाईल.

२. प्रत शाळेबाहेर जाणार नाही, कोणाला दिली जाणार नाही, विकली जाणार नाही.

३. बाजारातून तयार कार्ड किंवा भरलेली हार्ड डिस्क आणायची नाही. जे बसवायचे ते मुलांनी स्वतः, शिक्षकांच्या देखरेखीखाली बसवायचे.

४. विजेशी जोडलेला संच कोणी उघडायचा नाही. जुन्या जाड संचांत वीजपुरवठ्याचा भाग आतच असतो, म्हणून ते मुलांनी मुळीच उघडायचे नाहीत.

५. प्रत्येक कामाची नोंद वहीत होईल: काय केले, का केले, काय चुकले. नोंद मराठी, हिंदी वा इंग्रजी, ज्या भाषेत सुचेल त्या भाषेत चालेल.

६. खेळण्याचा वेळ एका बैठकीत वीस मिनिटांपेक्षा जास्त नसेल.

पालकांना एक विनंती. माळ्यावर जुने प्लेस्टेशन, त्याच्या मूळ डिस्क, जुने डीव्हीडी ड्राइव्ह पडलेले असतील तर भंगारात देण्यापूर्वी शाळेला विचारावे. चिप बसवलेले संच चालतील, पण त्यांच्यासोबतच्या नक्कल डिस्क कृपया पाठवू नयेत. घरी कोणाला पाऊणकी, अडीचकी अजून येत असेल तर एक शनिवार मंडळासाठी द्यावा. मुले लिहून घ्यायला तयार आहेत.

विश्वस्तांकडे आम्ही मोठा निधी मागत नाही. एक खोली, शनिवारचे दोन तास, आणि बाद होणारे संगणक लिलावात काढण्यापूर्वी मंडळाला दाखवण्याची परवानगी, एवढेच मागतो. स्नेहसंमेलनाच्या वेळी विज्ञान प्रदर्शनात मुले हे यंत्र मांडतील, आणि 'देसी अड्डा'तली कबड्डी कोणालाही खेळून पाहता येईल. शेजारच्या पडद्यावर मुलांचे पाढे असतील. दोन्ही पाहून मग मत द्यावे.

आपला स्नेहांकित,
प्राचार्य